भिंगावाचूनचा कॅमेरा

पुण्यात राहणारा तबल्याचा शिक्षक सकाळी न्यू जर्सीतील विद्यार्थ्यास आणि सायंकाळी सिंगापुरातील विद्यार्थिनीस घरबसल्या शिकवतो, यात आता कोणासही नवल वाटत नाही. परंतु ही शिकवणी प्रत्यक्षात कशी चालते, हे जवळून पाहणाऱ्याच्या ध्यानात एक अडचण ताबडतोब येते. तबला शिकणाऱ्यास गुरूचा चेहरा दिसून भागत नाही, त्याला बोटे दिसावी लागतात. ‘ना’ वाजवताना तर्जनी चाटेवर पडते आणि ‘तिं’ वाजवताना ती किंचित आत सरकून चाट व शाई यांच्यामधील मैदानावर पडते, हा डोळ्यांना अल्प परंतु नादाच्या दृष्टीने जमीन-अस्मानाचा असलेला फरक, लॅपटॉपच्या माथ्यावर बसवलेल्या आणि गुरुजींच्या कपाळाकडे टक लावून पाहणाऱ्या कॅमेऱ्यास टिपता येत नाही. वरून हातांकडे पाहणारा दुसरा कॅमेरा जोडावा, तर व्हिडिओ कॉलचा प्रोग्रॅम बोलणाऱ्याच्या चौकटीसाठी एका वेळी एकच कॅमेरा पत्करतो. म्हणजे हात दाखवावेत तर चेहरा जातो, आणि चेहरा दाखवावा तर हात जातात. दोन्ही चित्रे एकाच चौकटीत शेजारी शेजारी मांडून, खाली ठेका देवनागरीत लिहून, ते संपूर्ण दृश्य समोरच्याकडे पाठवण्याची जी सोय आज विनामूल्य मिळते, तिला व्हर्च्युअल वेबकॅम अथवा आभासी कॅमेरा म्हणतात. या कॅमेऱ्याला भिंग नाही, तार नाही, वजन नाही. तो निव्वळ सॉफ्टवेअर आहे, आणि तरीही संगणक त्याला खऱ्या कॅमेऱ्यांच्या पंक्तीस बसवतो. असे का घडते, ही व्यवस्था घरी कशी लावावी, आणि तिच्यावर कोठवर विसंबावे, या तीन प्रश्नांचा विचार येथे करावयाचा आहे.

वेबकॅमचा इतिहास फार जुना नाही, आणि त्याचा उगम फारसा गंभीरही नाही. १९९१ साली केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत ‘ट्रोजन रूम’ नावाच्या दालनापाशी असलेल्या कॉफीच्या भांड्यावर एक कॅमेरा रोखण्यात आला. हेतू इतकाच की, इमारतीच्या अन्य भागांत बसणाऱ्या संशोधकांनी जिने चढून यावे आणि भांडे रिकामे सापडावे, हा मनस्ताप टळावा. क्वेंटिन स्टॅफर्ड-फ्रेझर आणि पॉल जार्डेट्स्की यांनी रचलेल्या या योजनेतील चित्र अवघे १२८ बाय १२८ ठिपक्यांचे आणि करड्या छटांचे होते. १९९३ मध्ये ते वर्ल्ड वाइड वेबवर आले, देशोदेशींचे लोक केंब्रिजची कॉफी पाहू लागले, आणि ऑगस्ट २००१ मध्ये तो कॅमेरा कायमचा बंद करण्यात आला. दरम्यान १९९४ साली कनेक्टिक्स कंपनीचा ‘क्विककॅम’ बाजारात येऊन वेबकॅम सामान्य ग्राहकाच्या टेबलावर पोहोचला होता. परंतु प्रत्येक कंपनीचा कॅमेरा आपापल्या तऱ्हेने बोले, आणि त्याचे बोलणे संगणकास कळावे म्हणून प्रत्येकाबरोबर निराळे सॉफ्टवेअर बसवावे लागे. २००३ साली ‘यूएसबी व्हिडिओ क्लास’ या नावाचे सामायिक मानक सिद्ध झाले आणि हा बखेडा हळूहळू मिटला. कॅमेरा कोणी बनवला, हा प्रश्न गौण ठरून, तो ठरल्या रीतीने चित्रे हजर करतो किंवा नाही, एवढाच प्रश्न संगणकाच्या लेखी उरला.

आभासी कॅमेऱ्याचे सारे रहस्य या शेवटच्या वाक्यात आहे. ऑपरेटिंग सिस्टिमपाशी उपलब्ध कॅमेऱ्यांची एक फर्द असते. व्हिडिओ कॉलचा प्रोग्रॅम कॅमेरा शोधू लागतो तेव्हा तो भिंगाची वा तारेची शहानिशा करीत बसत नाही. तो त्या फर्दीतील नावे वाचतो, आपण त्यांतील एक निवडतो, आणि मग त्या नावाने जे उत्तर येईल ते तो बिनतक्रार स्वीकारतो. मूळ मालक गावी असताना त्याच्या रीतसर मुखत्यारपत्रावर दुसऱ्या इसमाने केलेली सही जशी कचेरीत ग्राह्य धरली जाते, तशी आभासी कॅमेऱ्याने रुजू केलेली चित्रे येथे ग्राह्य धरली जातात. ही नोंद करण्याचा मार्ग मात्र प्रत्येक प्रणालीत वेगळा. विंडोजवर ती प्रायः ‘डायरेक्ट शो’ या जुन्या व्यवस्थेतून होते. लिनक्सवर ‘व्ही-४-एल-२ लूपबॅक’ नावाचा घटक प्रणालीच्या गाभ्यात घालून होते. मॅकवर पूर्वी जी जोडणी प्रचलित होती ती सुरक्षिततेच्या कारणास्तव ॲपलने २०२३ मध्ये, सोनोमा प्रणालीच्या १४.१ या आवृत्तीपासून, बंद केली आणि तिच्या जागी ‘कॅमेरा एक्स्टेन्शन’ ही नवी, वापरणाऱ्याच्या स्पष्ट अनुमतीवर चालणारी तरतूद आली. मॅकवरील जुन्या आभासी कॅमेऱ्यांचे नाव त्या सुमारास यादीतून एकाएकी का नाहीसे झाले, याचे कारण हे होय.

येथे थोडे गणित मांडणे आवश्यक आहे, कारण पुढील अनेक निर्णय त्यावर अवलंबून आहेत. १२८० बाय ७२० ठिपक्यांचे चित्र, प्रत्येक ठिपक्यास दोन बाइट आणि सेकंदास ३० चित्रे या हिशेबाने, दर सेकंदाला सुमारे साडेपाच कोटी बाइट, म्हणजे ४४ कोटी बिट इतके होते. १९२० बाय १०८० ठिपक्यांचे चित्र घेतले तर हाच आकडा ९९ कोटी बिटांच्या वर जातो. आणि ज्या यूएसबी २.० जोडणीवर बहुसंख्य वेबकॅम चालतात तिची कमाल क्षमता सेकंदाला ४८ कोटी बिटच आहे. यास्तव खरा कॅमेरा मोठे चित्र आधी आपल्याच पोटात दाबून लहान करतो आणि मग तारेतून पाठवतो. दोन कॅमेरे एकाच स्वस्त हबवर लावले म्हणजे त्यांतील एक वारंवार काळाठिक्कर का पडतो, याचा उलगडाही यातून होतो. दोघांना संगणकाच्या वेगवेगळ्या खोबणींत लावणे, हाच त्यावरचा सरळ उपाय. आभासी कॅमेऱ्याला तारेचे हे बंधन नाही, कारण त्याची चित्रे संगणकाच्या स्मृतीतच हस्तांतरित होतात. मात्र पुढे व्हिडिओ कॉलचा प्रोग्रॅम तेच चित्र पुन्हा दाबून सेकंदाला एखाद-दोन मेगाबिटांवर आणतो, म्हणून घरात कितीही उच्च दर्जाचे दृश्य रचले तरी पलीकडे पोहोचणारे चित्र मध्यमच असते. ७२० ओळी आणि सेकंदास ३० चित्रे, एवढ्यावर संतुष्ट राहणे शहाणपणाचे.

या कामासाठी अनेक सॉफ्टवेअर प्रचारात आहेत. परंतु नवख्याने ‘ओबीएस स्टुडिओ’ निवडावे, अशी माझी शिफारस आहे आणि तिला कारण आहे. ह्यू ‘जिम’ बेली यांनी २०१२ साली आरंभलेले हे सॉफ्टवेअर मुक्त परवान्याखाली वितरित होते, त्याची घडण कोणासही तपासता येते, आणि त्याच्या चित्रावर जाहिरातीचा शिक्का उमटत नाही. पूर्वी त्यात आभासी कॅमेऱ्यासाठी तिऱ्हाइतांनी रचलेली जोड वेगळी बसवावी लागे. टाळेबंदीच्या काळात, सप्टेंबर २०२० मध्ये आलेल्या २६.० या आवृत्तीत ती सोय विंडोजसाठी मुळातच समाविष्ट झाली आणि वर्षअखेरीच्या २६.१ या आवृत्तीत मॅक व लिनक्ससाठीही आली. याउलट, चेहऱ्यावर सशाचे कान वा चष्मे चढवणारा ‘स्नॅप कॅमेरा’ २०१८ साली आला, टाळेबंदीत घरोघर पोहोचला, आणि जानेवारी २०२३ मध्ये त्याच्या मालक कंपनीने तो बंद केला. एका कंपनीच्या मर्जीवर अवलंबून असलेल्या साधनावर नित्याची शिकवणी उभारणे कितपत इष्ट, याचा विचार ज्याने त्याने करावा.

ओबीएस त्याच्या अधिकृत स्थळावरूनच उतरवून घ्यावे. ते उघडल्यावर प्रथम सेटिंग्जमधील ‘व्हिडिओ’ या विभागात जाऊन पायाभूत चित्रफलक व बाहेर जाणारे चित्र ही दोन्ही मापे १२८० बाय ७२० करावीत आणि गती ३० ठेवावी. त्यानंतर दोन संज्ञा समजून घेतल्या म्हणजे अर्धे काम झाले. ‘सोर्स’ म्हणजे चित्राचा एकेक घटक: एखादा कॅमेरा, एखादी खिडकी, एखादे छायाचित्र, एखादी अक्षरओळ, आणि ‘सीन’ म्हणजे अशा घटकांची एक ठरवलेली मांडणी. तबल्याच्या शिक्षकाने तीन सीन करावेत. पहिल्यात केवळ चेहरा, बोलण्यासाठी. दुसऱ्यात हातांचे मोठे चित्र आणि कोपऱ्यात चेहऱ्याची लहान चौकट, वाजवून दाखवण्यासाठी. तिसऱ्यात संगणकावरील लिखित बंदिश आणि शेजारी हात, पाठ देण्यासाठी. सीनच्या यादीत नुसती टिचकी मारली की पाहणाऱ्यासमोरचे दृश्य पालटते, आणि प्रत्येकास कळफलकावरील एकेक कळ नेमून दिली तर तबल्यावरून हात फार वेळ दूर न्यावा लागत नाही.

दुसरा कॅमेरा विकतच घ्यावा लागतो, असेही नाही. घरात पडून असलेला जुना अँड्रॉइड फोन ‘ड्रॉइडकॅम’ किंवा ‘इरियन’ यांसारख्या ॲपद्वारे वेबकॅम बनतो. आयफोन व मॅक दोन्ही असणाऱ्यास २०२२ च्या व्हेंचुरा प्रणालीपासून ही सोय अंगभूतच मिळाली आहे. फोन उंच स्टँडवर तबल्याच्या बरोबर वर, खाली तोंड करून बसवावा, आणि चित्र उलटे आल्यास त्या सोर्सवर उजवी टिचकी मारून ‘ट्रान्सफॉर्म’मधून ते १८० अंशांत फिरवावे. ठेक्याची अक्षरे ‘टेक्स्ट’ या सोर्सने लिहिता येतात. त्यात देवनागरीची जोडाक्षरे तुटलेली दिसू लागली, तर तो फलक अन्यत्र चित्ररूपाने तयार करून ‘इमेज’ म्हणून आणावा, म्हणजे तक्रार उरत नाही. हिरवा पडदा लावून पार्श्वभूमी काढून टाकण्याची युक्तीही येथे ‘क्रोमा की’ या नावाने आहे. मात्र यंत्र रंगाकडे पाहते, वस्तूकडे नाही, त्यामुळे हिरवी पैठणी नेसून आणि हिरवा चुडा भरून पडद्यासमोर बसलेल्या गायिकेचे मस्तक व हातच तेवढे अधांतरी गाताना दिसतील, याची जाणीव असावी.

मांडणी मनासारखी झाली म्हणजे उजव्या कोपऱ्यातील ‘स्टार्ट व्हर्च्युअल कॅमेरा’ हे बटण दाबावे, आणि मग झूम वा गूगल मीट उघडून त्यांच्या कॅमेऱ्यांच्या यादीतून ‘ओबीएस व्हर्च्युअल कॅमेरा’ हे नाव निवडावे. हा क्रम महत्त्वाचा आहे. कॉलचा प्रोग्रॅम आधीच उघडा असेल, तर त्याने खरा कॅमेरा बहुधा ताब्यात घेतलेला असतो. एका वेळी एकाच प्रोग्रॅमच्या अमलाखाली राहण्याचा बहुतेक कॅमेऱ्यांचा रिवाज असल्यामुळे ओबीएसला काळी चौकट मिळते आणि दोष मात्र त्याच्या माथी येतो. यादीत नाव दिसतच नसेल, तर कॉलचा प्रोग्रॅम किंवा ब्राउझर पूर्ण बंद करून पुन्हा उघडावा; आणि मॅकवर ओबीएस ‘ॲप्लिकेशन्स’ या दालनात आहे की नाही, तसेच प्रणालीच्या सेटिंग्जमध्ये त्याच्या एक्स्टेन्शनला, कॅमेऱ्याला व पडदा टिपण्याला परवानगी दिली आहे की नाही, हे तपासावे.

आता नवख्याला हमखास छळणाऱ्या तीन बाबी. पहिली आरशाची. बहुतेक कॉलचे प्रोग्रॅम आपल्याला आपलेच चित्र आरशातल्याप्रमाणे उलटे दाखवतात, पण समोरच्याकडे ते सुलटेच जाते. हे ठाऊक नसलेला मनुष्य स्वतःच्या पडद्यावरील उलटी अक्षरे पाहून घाबरतो आणि ओबीएसमध्ये चित्र पालटून ठेवतो. परिणामी विद्यार्थ्यास अक्षरे खरोखरच उलटी दिसू लागतात, शिवाय उजव्या हाताचा तबला डाव्या हाती आणि डग्गा उजव्या हाती गेल्यामुळे अजाण शिष्य हात बदलून बसतो. दुसऱ्या फोनवरून स्वतःच्याच कॉलमध्ये शिरून पाहणे, हा याचा एकमेव भरवशाचा पडताळा. दुसरी बाब चित्रावर हळूहळू सरकणाऱ्या काळसर पट्ट्यांची. आपल्याकडील वीज ५० हर्ट्झची, म्हणून जुन्या धर्तीची ट्यूबलाइट सेकंदास शंभर वेळा लुकलुकते; अमेरिकेच्या ६० हर्ट्झला अनुसरून बेतलेला कॅमेरा तिच्याशी मेळ राखू शकत नाही. कॅमेऱ्याच्या सोर्सच्या गुणधर्मांत शिरून वीजवारंवारता ५० केली, की पट्ट्या जातात. आणि खिडकी पाठीशी न ठेवता समोर ठेवली, तर चेहऱ्यावरील अंधारही जातो.

तिसरी आणि सर्वांत मोठी बाब ध्वनीची. आभासी कॅमेरा केवळ चित्र नेतो, आवाज नेत नाही. बोलण्याचा व वादनाचा आवाज कॉलच्या प्रोग्रॅमने मायक्रोफोनमधून थेट घ्यावयाचा असतो, आणि हे प्रोग्रॅम मनुष्याचे बोलणे तेवढे सार्थ मानून बाकीच्यावर गोंगाट म्हणून कात्री चालवतात. तानपुऱ्याचा अखंड षड्ज त्यांच्या लेखी पंख्याची घरघर असतो, आणि डग्ग्यावरील घिस्सा अर्ध्यातच कापला जातो. यासाठी झूममध्ये ‘ओरिजिनल साउंड फॉर म्युझिशियन्स’ ही तरतूद सुरू करावी, आणि मीटमध्ये गोंगाट कमी करणारी सोय बंद करावी. लेहरा, म्हणजे तबल्याच्या साथीला पुन्हा पुन्हा वाजणारी धून, संगणकावरूनच वाजवायचा असेल, तर झूममध्ये संगणकाचा ध्वनी सामायिक करण्याचा पर्याय पुरेसा आहे. तो नसेल तेथे विंडोजवर ‘व्हीबी-केबल’ आणि मॅकवर ‘ब्लॅकहोल’ या आभासी ध्वनितारा कामास येतात. मात्र लेहऱ्यावर शिष्याने तिकडे वाजवावे आणि गुरूने इकडे साथ करावी, ही हौस सोडून द्यावी. मुंबई व न्यू यॉर्क यांमधील सुमारे साडेबारा हजार किलोमीटरांचे अंतर कापण्यास काचतंतूतील प्रकाशाला, तो सरळ रेषेत गेला तरी, एका बाजूने ६० मिलिसेकंदांहून अधिक लागतात, म्हणजे जाऊन-येऊन किमान १२५. आणि मिनिटास २४० मात्रांच्या द्रुत लयीत एक मात्राच २५० मिलिसेकंदांची. म्हणजे कोणत्याही यंत्राने काडीचा विलंब न लावता अर्धी मात्रा वाटेतच खर्च होते, आणि प्रत्यक्षात विलंब याहून कितीतरी अधिक असतो. गुरूने वाजवावे, शिष्याने ऐकून मग वाजवावे, ही जुनी रीतच या माध्यमास मानवते.

थेट प्रक्षेपण आणि व्हिडिओ कॉल यांत पुष्कळांचा घोटाळा होतो, तो येथेच निवारणे बरे. गणेशोत्सवातील कीर्तन यूट्यूबवर दाखवावयाचे असेल, तर आभासी कॅमेऱ्याची गरजच नाही. ओबीएस आपले दृश्य व आवाज दोन्ही थेट यूट्यूबकडे पाठवते. त्यासाठी लागणारी ‘स्ट्रीम की’ ही अक्षरमाला म्हणजे आपल्या वाहिनीची किल्लीच असल्याने ती मंडळाच्या व्हॉट्सॲप गटावर टाकू नये. नव्या वाहिनीस थेट प्रक्षेपणाची मुभा पहिल्यांदा मिळण्यास २४ तासांपर्यंत अवधी लागू शकतो, म्हणून हा अर्ज चतुर्थीच्या सकाळी न करता आठवडाभर आधी करावा. १०८० ओळींच्या चित्रासाठी सेकंदाला साधारण ४ ते ६ मेगाबिट इतका वेग वर पाठवण्याच्या दिशेने सतत मिळाला पाहिजे. इंटरनेट कंपनीच्या जाहिरातीतील मोठा आकडा बहुधा खाली उतरवण्याच्या दिशेचा असतो, हे विसरू नये. तात्पर्य, जेथे दुसऱ्या प्रोग्रॅमला कॅमेरा म्हणून चित्र पुरवायचे आहे, तेथेच आभासी कॅमेरा. एरवी त्याचे प्रयोजन नाही.

आता विश्वासाचा प्रश्न. जो प्रोग्रॅम फर्दीतील नावापलीकडे काही विचारीत नाही, त्याला तबलजीची बोटे आणि ठकसेनाने आधी चित्रित केलेली फीत सारखीच. फेब्रुवारी २०२१ मध्ये टेक्सासच्या एका न्यायालयात झूमवरून चाललेल्या सुनावणीत एका वकिलांच्या चौकटीत मांजराचे पिल्लू बोलू लागले; संगणकावर पूर्वीच असलेला एक मुखवटा चालू राहिला होता, आणि न्यायाधीश रॉय फर्ग्युसन यांनी तो प्रसंग सौजन्याने निभावून नेला. जग हसले. परंतु २०२४ च्या आरंभी हाँगकाँगमधून उघड झालेल्या प्रकरणात अरुप या अभियांत्रिकी संस्थेच्या एका कर्मचाऱ्याने, व्हिडिओ कॉलवर आपले वरिष्ठ व सहकारी दिसत आहेत असे समजून, सुमारे २० कोटी हाँगकाँग डॉलर भामट्यांच्या खात्यांत वळते केले. ते सारे चेहरे कृत्रिम होते. आपल्याकडे रिझर्व्ह बँकेने जानेवारी २०२० मध्ये व्हिडिओद्वारे ग्राहकाची ओळख पटवण्यास मुभा दिली, आणि त्याबरोबर समोरची व्यक्ती जिवंत व प्रत्यक्ष हजर आहे याची खातरजमा करण्याचे बंधनही बँकांवर घातले. बँकेच्या अशा कॉलमध्ये किंवा देखरेखीखालील ऑनलाइन परीक्षेत आभासी कॅमेरा लावणे म्हणजे निष्कारण संशय ओढवून घेणे होय. तेथे ओबीएस बंद करून खराच कॅमेरा निवडावा. आणि पोलिसी गणवेशातील कोणी इसम, पाठीमागे ठाण्याचा देखावा उभा करून, व्हिडिओ कॉलवर ‘डिजिटल अटके’ची भीती घालू लागला, तर तो देखावा उभारण्यास किती थोडा खटाटोप लागतो हे वरील विवेचनावरून स्पष्ट व्हावे. अशी अटक कायद्यात कोठेही नाही. कॉल तोडावा आणि १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर खबर द्यावी.

चौकटीत काय दिसावे हे ठरवण्याचा अधिकार पूर्वी चित्रपटांच्या व दूरदर्शनच्या स्टुडिओंपुरता मर्यादित होता; तो आता एका जुन्या फोनच्या व फुकट सॉफ्टवेअरच्या बळावर शिक्षकाला, कीर्तनकाराला, पाककृती दाखवणाऱ्या गृहिणीला प्राप्त झाला आहे, आणि त्यांनी तो निःसंकोच वापरावा. मात्र ज्याने एकदा स्वतःच्या हाताने असे दृश्य रचले, त्याने दुसऱ्याचे दृश्य पाहताना ते चांगले शिकवते का, चांगले समजावते का, एवढाच प्रश्न त्याला विचारावा. दाखवणारा कोण, हा प्रश्न असेल आणि पैशाचा वा अब्रूचा मामला असेल, तर उत्तर चित्राकडून न घेता आपल्यापाशी आधीपासून असलेल्या क्रमांकावर फोन लावून घ्यावे.